परत धरलेला अंतरपाट

पुतणीच्या लग्नात मंगलाष्टकं संपली, अंतरपाट खाली आला आणि तिने नवऱ्याकडे बघितलं. लाजली, हसली. तेवढ्यात माझा मोठा भाऊ, मुलीचा बाप, ओरडला, "गुरुजी, फोटो हुकला! अंतरपाट परत धरा!"

माझं डोकंच फिरलं. पहिल्यांदा बघणं परत करता येतं का? पण मांडवात कुणालाच काही वाटलं नाही. सगळ्यांच्या एका हातात मोबाइल, दुसऱ्या मुठीत तशाच राहिलेल्या अक्षता. गुरुजींनी निमूटपणे अंतरपाट धरला, खाली घेतला. पोरगी पुन्हा हसली, मोबाइलकडे बघून.

आता दादा तोच फोटो ज्याला त्याला दाखवतोय. "बघ, कशी हसलीय माझी पोर!"

दादा, ती हसली तेव्हा तू मोबाइलमध्ये कॅमेरा शोधत होतास.