घोडीच्या उजव्या अंगाला

कारभारी टांगेवाल्याचं तोंड फार थोड्या लोकांनी नीट पाहिलं असेल. पाठ मात्र हजारोंनी पाहिली होती. एकतीस वर्षं त्याने पंचवटी कारंज्यावरून सवाऱ्या उचलल्या आणि बाहेरगावच्या माणसांना नाशिक दाखवलं. रामकुंड, काळाराम, सीतागुंफा, तपोवन. सवारी हौशी असली तर पार पांडवलेण्यांच्या पायथ्यापर्यंत. टांग्यात एक सवारी टांगेवाल्याशेजारी अंग चोरून बसते, बाकीच्या मागे तोंड करून बसतात, आणि टांगेवाला बघतो घोडीच्या दोन कानांमधून समोर. त्या कानांकडे बघत कारभारी एकदा बोलायला लागला की ऐकणाऱ्याला उतरायची शुद्ध राहत नसे.

माणूस समोर आला की मात्र त्याची वाचा बसायची. तलाठ्यासमोर बसायची, डॉक्टरसमोर बसायची, आणि स्वतःच्या लग्नात तर त्याने मांडवाच्या खांबाकडे बघत बायकोचं नाव घेतलं होतं. त्याची बायको चिमणाबाई हे तीस वर्षांनंतरही येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची. घरात जे काही बोलायचं ते तो घोडीला खरारा करता करता बोले. चिमणाबाई दारात फुलांचे हार गुंफत बसे आणि घोडीला सांगितलेलं आपण ऐकून घेई. संसार असाच चालला, आणि वाईट चालला असं कुणी म्हणू शकणार नाही.

टांगेवाल्यांची दिशा सांगायची एक रीत होती. एखादी सवारी पुढे बघणारी, बाकीच्या मागे. मग डावा हात-उजवा हात म्हणून उपयोग काय? एकाचं डावं ते दुसऱ्याचं उजवं. म्हणून अड्ड्यावरचे सगळे म्हणत, ‘घोडीच्या उजव्या अंगाला’, ‘घोडीच्या डाव्या अंगाला’. घोडीचं तोंड कुठं आहे ते लहान पोरालाही कळतं, त्यामुळे भानगड व्हायची नाही.

पुढे रिक्षा आल्या, आणि इतक्या आल्या की अड्ड्यावरचे चाळीस टांगे दहावर आले, दहाचे तीन झाले. दोन हजार साली कारभारीने आपली घोडी, चंद्री, ओझरच्या एका वरातवाल्याला देऊन टाकली आणि गंगापूर रोडवरच्या एका इमारतीत रखवालदाराची खुर्ची धरली. घोडी गेली आणि त्याचं बोलणंही गेलं. जेवताना ‘वाढ’ आणि ‘बास’, एवढे दोन शब्द घरात उरले. चिमणाबाईने सुरुवातीला भांडून पाहिलं, मग हार गुंफता गुंफता स्वतःच दोघांच्या वाटचं बोलू लागली.

त्या इमारतीत खाली किशोर नावाच्या तरुणाचं ट्रॅव्हल्सचं ऑफिस होतं. सिंहस्थाला दोन वर्षं उरली होती आणि किशोरच्या डोक्यात अर्ध्या दिवसाची नाशिक दर्शनाची बस घोळत होती. सतरा सीटची मिनीबस आली, दिनेश नावाचा ड्रायव्हर मिळाला, पण गाइड मिळेना. जो तो पुस्तकातलं पाठ करून यायचा आणि इसवी सनांत अडकायचा. एका सकाळी किशोर शटर उघडत असताना फाटक झाडणारा म्हातारा कुणा परगावच्या माणसाला तपोवनाचा रस्ता सांगत होता. पाठ त्या माणसाकडे, तोंड झाडूकडे. रस्ता सांगता सांगता त्याने कपिला-संगम सांगितला, संगमावरचा पाण्याचा आवाज सांगितला आणि भेळ कुठली खाऊ नये तेही सांगितलं. किशोर किल्ली हातात धरून उभाच राहिला.

“मामा, रविवारी पहिली फेरी आहे. तुम्ही गाइड म्हणून या,” तो म्हणाला. “जमलं तर नोकरी पक्की.”

कारभारीने मान हलवली, कारण दुसरा रस्ताच नव्हता. महिनाअखेर सोसायटी रखवालीचं काम एजन्सीला देणार होती आणि एजन्सीला पन्नाशीच्या आतली माणसं हवी होती. रविवारी जमलं नाही तर सोमवारपासून घरी बसून चिमणाबाईच्या हारांना दोरे कापून द्यायचे, एवढंच त्याच्या नशिबी उरलं होतं.

एक सीट रिकामी होती, म्हणून किशोरने मामींनाही आणायला सांगितलं. चिमणाबाई लुगड्याची घडी मोडून आली. तिचा जन्म मखमलाबादचा, उभं आयुष्य पंचवटीत गेलं, पण नवऱ्याच्या टांग्यातून नाशिक तिने कधी पाहिलं नव्हतं. टांग्यातली जागा म्हणजे धंदा. तिथं घरचं माणूस बसवून कसं चालेल? ती तिसऱ्या सीटवर खिडकीशी बसली आणि पदर नीट करून नवऱ्याकडे बघू लागली. कारभारीला तेवढंच कमी होतं.

बस निघाली. किशोर मागच्या सीटवर वही घेऊन बसला. कारभारी ड्रायव्हरच्या केबिनपाशी, सवाऱ्यांकडे तोंड करून, एका हातात माइक आणि दुसऱ्या हातात दांडी धरून उभा राहिला. समोर सोळा तोंडं. त्यांतल्या एका तोंडाशी त्याचं लग्न झालेलं.

“नमस्कार,” तो म्हणाला आणि अशोकस्तंभ येईपर्यंत पुढचा शब्द सुचला नाही. अशोकस्तंभाला “हा अशोकस्तंभ” म्हणाला. रविवार कारंज्याला “हा रविवार कारंजा” म्हणाला. हे तर पाट्यांवरही लिहिलेलं होतं.

होळकर पूल आला. इथं तरी बोलायलाच हवं होतं, कारण एकतीस वर्षं या पुलावर त्याची खरी सुरुवात व्हायची. त्याने वाकून बघितलं, रामकुंड त्याच्या डाव्या हाताला दिसलं, आणि तो माइकमध्ये म्हणाला, “डाव्या हाताला बघा, रामकुंड.”

सोळाच्या सोळा माना आपापल्या डावीकडे वळल्या. म्हणजे बरोबर उलट्या बाजूला.

देवळा गावाहून निवृत्त मास्तर गोटीराम आणि त्यांची बायको साळूबाई आले होते. साळूबाईने डोळ्यांवर हात धरून नीट पाहिलं. “भाऊ,” ती म्हणाली, “आठे त म्हशी शेतस.”

खरंच, त्या बाजूला पाण्यात चार म्हशी बसल्या होत्या. बस हसली. कारभारी गोंधळला, त्याने हात बदलला, मग परत बदलला, आणि घाईत तोंडातून जुनंच वाक्य गेलं, “तिकडं नाय हो, घोडीच्या उजव्या अंगाला.” आता तर दिनेशसुद्धा स्टिअरिंगवर वाकून हसायला लागला. तोवर पूल संपला होता आणि रामकुंड मागं राहिलं होतं. किशोरने वहीत काहीतरी लिहिलं. चिमणाबाई तेवढी हसली नाही.

रामकुंडावर सगळे उतरले. कारभारीने अस्थिविलयाचं कुंड दाखवलं, दुतोंड्या मारुती दाखवला, पुराचं पाणी मारुतीच्या कुठपर्यंत आलं यावरून गाव पूर मोजतं हेही कसंबसं सांगितलं. सांगताना त्याला त्या मारुतीचा हेवा वाटला. एक तोंड इकडे, एक तिकडे. असा देह मिळाला असता तर एक तोंड रस्त्याला दिलं असतं, एक सवारीला. पण त्याला एकच मिळालं होतं आणि तेही सुकलं होतं. काळारामाला तो “काळा दगड” एवढंच म्हणाला. सीतागुंफेपाशी काहीच म्हणाला नाही.

“मामा, काय झालं?” किशोरने बाजूला घेऊन विचारलं. आवाजात राग नव्हता, आणि तेच कारभारीला जास्त लागलं. “फाटकापाशी किती छान बोलत होता तुम्ही.”

“येतंय, शेठ. जरा येळ द्या,” कारभारी म्हणाला. येत काहीच नव्हतं. बसमध्ये चढताना त्याला स्वच्छ कळलं होतं की आपलं संपलं. टांगा गेला, घोडी गेली, आता उरलंसुरलं तोंडही सोळा माणसांसमोर गेलं. बस सुरू झाली तरी त्याने माइक उचलला नाही.

तेव्हा तिसऱ्या सीटवरून चिमणाबाई बोलली. भाजीत मीठ टाका म्हणावं इतक्या साध्या आवाजात.

“अहो, तुम्ही आमच्याकडं बघू नका. वळून बसा. आम्ही ऐकतो.”

कारभारीने बायकोकडे पाहिलं, मागे किशोरकडे पाहिलं. मग तो मुकाट्याने वळला आणि दिनेशच्या बाजूला इंजिनाच्या बॉनेटवर बसला. बॉनेट गरम होतं. समोर काच, काचेपलीकडे रस्ता. सवाऱ्या पाठीमागे, जिथं त्या असायला हव्यात तिथं. हात आपोआप गुडघ्यांवर आले आणि लगाम धरल्यासारखे मिटले.

“जरा हळू घे रे,” तो दिनेशला म्हणाला. “पुढं उतार हाय. हितं घोडीवर भार नको म्हणून आम्ही सवाऱ्या उतरवायचो. एकदा काय झालं...”

दिनेशने हळू घेतली. कारभारीच्या मांडीवरचा माइक चालूच होता. एकदा एक जाडजूड शेठजी उतरायला तयार झाले नाहीत, तेव्हा घोडीनेच भर रस्त्यात बसून घेतलं आणि शेठजी पायी तपोवनात पोचल्यावरच ती उठली, हे त्याने सांगितलं. मग म्हणाला, “आता घोडीच्या उजव्या अंगाला बघा.” सोळा माना बरोबर उजवीकडे वळल्या. बस हीच घोडी, हे कुणालाही सांगावं लागलं नाही.

तपोवनात लक्ष्मणाने शूर्पणखेचं नाक कापलं ती जागा त्याने अशी सांगितली की साळूबाईने स्वतःच्या नथीला हात लावून बघितला. उतरल्यावरही त्याने युक्ती सोडली नाही; लोकांच्या पुढे चालत, पाण्याकडे बघत बोलत राहिला आणि लोक मागून घाईघाईने येऊ लागले. पांडवलेण्यांच्या वाटेवर त्याने द्वारका नावाच्या चौकाची गंमत सांगितली, पावसाळ्यात डोंगर कसा दिसतो ते सांगितलं, आणि पायऱ्या चढताना दम लागला तर कुठल्या वळणावर बसलं की वारा लागतो ते सांगितलं. इसवी सन त्याने एकही सांगितला नाही. एका माणसाने विचारला तेव्हा म्हणाला, “ते वर पाटीवर हाय, साहेब. पाटी वाचायला मला कशाला आणलंत?” बस पुन्हा हसली, पण या खेपेला त्याच्याबरोबर.

एक वाजता बस गंगापूर रोडला परत आली. किशोर वही मिटून पुढे आला. चेहरा पुरता खुललेला नव्हता.

“मामा, सांगता छान. प्रश्नच नाही. पण लोकांकडे पाठ करून बोलणारा गाइड मी कुठं पाहिला नाही. बरं दिसत नाही हो ते.”

कारभारी खाली बघत उभा राहिला. पायरीवर उभे असलेले गोटीराम मास्तर मात्र थांबले. आयुष्यभर पोरांना गप्प बसवलेला माणूस तो, त्यांचा आवाज आपसूक वर चढला.

“मी पस्तीस वर्षं वर्गाकडे तोंड करून शिकवलं,” ते म्हणाले. “पोरं माझ्याकडे बघायची. फळ्याकडे एकानेही पाहिलं नाही. आज आम्हाला गाव बघायचं होतं, यांचं तोंड नव्हे. गाव दिसलं.”

किशोरला हसू आवरलं नाही. त्याने वहीतलं सकाळचं पान फाडून खिशात टाकलं.

“उद्या साडेसातला या, मामा. आणि त्या बॉनेटवर एक गादी टाकून घ्या, नाहीतर दररोज भाजून निघाल.”

“येतो, शेठ,” कारभारी म्हणाला. त्याला आणखी पुष्कळ म्हणायचं होतं.

लोक उतरले. दिनेश चहाला गेला. बसमध्ये चिमणाबाई एकटी तिसऱ्या सीटवर बसून राहिली होती, मांडीवर पिशवी घेऊन.

“चल, उतर,” कारभारी केबिनपाशी उभा राहून, काचेकडे बघत म्हणाला. “घरी जायाचं ना?”

“नाही उतरत.”

“का गं?”

“घरी गेल्यावर तुम्ही परत ‘वाढ’ आणि ‘बास’ म्हणाल. वर्षभर तेवढंच ऐकलं मी. त्या देवळ्याच्या बाईला अर्ध्या दिवसात सगळं नाशिक सांगितलंत. मला तीस वर्षांत घोडीच्या आडून सांगितलंत, आणि घोडी गेल्यावर तेही नाही. काय झालं होतं ते आधी सांगा. मग उतरते.”

कारभारीने बॉनेटकडे पाहिलं. बाहेर रस्त्यावरून रिक्षा जात होत्या. बॉनेटवर बसून काचेला सांगणं सोपं होतं. हात तिकडे गेलाही. मग त्याने तो मागे घेतला, दोन सीट मागे आला आणि चिमणाबाईच्या पुढच्या सीटवर उलटा, सीटच्या पाठीला छाती टेकवून बसला. तिचं तोंड वीतभर अंतरावर होतं. इतक्या जवळून, भर उजेडात त्याने ते कधी पाहिलं होतं हे त्याला आठवेना. कपाळावरचं गोंदण फिकं झालं होतं.

“मला वाटलं, माझं संपलं,” तो तिच्याकडे बघत म्हणाला. “भ्या वाटत होतं गं. आता मी कुणाच्याच कामाचा नाय, असं वाटत होतं. तुला काय सांगू?”

“हेच सांगायचं,” चिमणाबाई म्हणाली. तिने पदराने डोळे पुसले, पिशवी त्याच्या हातात दिली आणि उठली. “मला दिसत नव्हतं होय? चला आता, भूक लागली.”