पाहुण्याचा बिल्ला

मॅडमनी स्वतःच्या हातांनी माझ्या डोक्यावर पगडी ठेवली. दोन पावलं मागे सरकल्या. मान तिरकी करून बघितलं. मग घाटावर जमलेल्या मैत्रिणींना म्हणाल्या, "बघा गं. कळतंय का काही?"

मैत्रिणी हसल्या. एक म्हणाली, "अजिबात नाही! अगदी आपल्यातले वाटतात."

"आजपासून तुम्ही जोशीकाका," मॅडम मला म्हणाल्या. "खरं आडनाव कुणी विचारलं तरी सांगायचं नाही. पालकांना उगाच प्रश्न पडतात. मुलांचा वॉक आहे, वातावरण हलकं पाहिजे."

मी हसलो. हे आधीच सांगून टाकतो. माझं आडनाव माझ्या देखत काढून घेतलं आणि मी हसलो. फोटो आहे त्याचा. मॅडमच्या हेरिटेज वॉकच्या जाहिरातीत कितीतरी महिने तोच फोटो होता. मागे गंगा, म्हणजे आमची गोदावरी, पुढे मी, पगडीत, दात दिसतायत.

इतिहासात एम.ए. केलेला माणूस मी. शाळेत कंत्राटावर शिकवत होतो, ते कंत्राट संपलं. चाळिशी उलटली होती. घरात म्हातारी आई, बायको, शिकणारा मुलगा. मॅडमना जुन्या नाशकाच्या गोष्टी रंगवून सांगणारा माणूस हवा होता आणि मला गोष्टी येत होत्या. दर रविवारी सकाळी शहरातली चांगल्या घरची मुलं आईवडिलांसोबत यायची. भांडी बाजार, तांबट लेन, मग घाटावरून पुलापलीकडे पंचवटी. खांद्याला छोटा स्पीकर, तोंडाशी माईक, अंगात अंगरखा. शेवटी सगळ्यांनी मिसळ खायची आणि घरी जायचं.

सुरुवातीला एक खेळ असायचा. 'आडनाव सांगा, गल्ली ओळखतो.' मुलानं आडनाव सांगायचं आणि जोशीकाकांनी डोळे मिटून सांगायचं की तुझे पणजोबा जुन्या नाशकात कुठे राहत होते. कुणाचे गंगेवरचे उपाध्ये, कुणाचे सराफ, कुणाचे तांबट. मुलं टाळ्या वाजवायची, आया मोबाईल वर धरायच्या. मग मी मुलाच्या छातीवर पिवळा बिल्ला लावायचो. त्यावर लिहिलेलं, 'मूळ नाशिककर'.

आणि ज्यांचं आडनाव मॅडमच्या जुन्या नाशकात बसत नव्हतं, त्यांना पांढरा बिल्ला. 'पाहुणा'.

शेखांच्या मुलाला पाहुणा. पेठ तालुक्यातल्या आदिवासी गावितांच्या मुलीला पाहुणा. आमच्या समाजाच्या मुलांना तर ठरलेलाच. शेखांच्या तर चार पिढ्यांच्या कबरी इथे आहेत. पण गेल्या वर्षी बदली होऊन आलेल्या एका शहांच्या मुलाला मी सराफ बाजार दिला होता. मॅडमनीच खुणावलं होतं.

पाहुण्यांनी रांगेत शेवटी चालायचं. मॅडमनी त्यालाही गोड कारण शोधलं होतं. "यजमान पुढे राहून वाट दाखवतात की नाही? म्हणून पाहुणे मागे."

ते पांढरे बिल्ले मी लावले. या बोटांनी. टाचणी टोचू नये म्हणून काळजी घेत लावले. पाहुणा झालेल्या मुलाचे डोळे मी बघत नसे. बिल्ला सरळ लागलाय का, तेवढंच बघायचो.

आई दर रविवारी दारातच गाठायची. "आले का भटजीबुवा? दक्षणा भेटली का आज?"

"आई, नोकरी आहे ती."

"नोकरी कर की. नाय कोण म्हणतं? पण ते डोक्यावरचं तिथंच काढून ठेवत जा. घरात आणू नको."

पंचवटीतल्या देवळाच्या दाराशी वॉक थांबायचा. तिथलं बोलणं मॅडमनी मला घोकून घ्यायला लावलं होतं. दगड कुठून आणला, कळस कसा चढवला, उत्सवात रथ कसा निघतो. शेवटचं वाक्य असं: "इथे सगळं गाव गुण्यागोविंदाने येत असे."

माझी आजी या दारापासून थोड्याच अंतरावर रस्त्यात पडली होती. मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह चालू होता, रथाचा दिवस होता, आमच्या माणसांवर दगड आले. ती पंधरा वर्षांची होती. तिच्या डोक्यात उजव्या बाजूला खड्डा होता. केसांखाली झाकलेला. मी लहान असताना तिच्या मांडीवर बसून त्या खड्ड्यात बोट घालायचो. पेराइतकं आत जायचं. मला वाटायचं, सगळ्यांच्या आज्यांना असा खड्डा असतो.

आणि मी दर रविवारी माईकवर गुण्यागोविंदाने म्हणत होतो.

मग एका रविवारी आर्या आली. नऊ-दहा वर्षांची, दोन वेण्या, आईचा हात घट्ट धरलेला. तिची पाळी आली. मी नेहमीसारखे डोळे मिटले.

तिनं आडनाव सांगितलं. मोठ्यानं, शाळेत हजेरी देतात तसं.

माझं आडनाव.

मी डोळे उघडले. आजूबाजूच्या दोन-तीन पालकांनी एकमेकांकडे बघितलं. मी बिल्ल्यांच्या डब्यात हात घातला आणि पांढरा बिल्ला काढला. हात नुसता सवयीनं गेला नाही. मी विचार केला, आणि काढला.

"अरे वा! तुम्ही तर आमचे पाहुणे!"

"मी पाहुणी नाही," आर्या म्हणाली. "आमचं घर इथंच आहे. पंचवटीत."

एक वडील मागून हसले. "अगं, गेम आहे तो. घे ना बिल्ला. भाव काय खातेस?"

सगळे हसले. मॅडम पुढे आल्या, माझ्या हातातला बिल्ला घेतला आणि तिच्या फ्रॉकला लावून टाकला. "पाहुण्यांना आमच्याकडे लाडू पहिला मिळतो हं." आर्या आईकडे बघत रांगेच्या शेवटी गेली.

देवळाच्या दाराशी मी बोलणं संपवलं. गुण्यागोविंदाने. तर मागून हात वर. पांढरा बिल्ला.

"काका, माझी आई म्हणते, आमच्या पणजीला इथं आत येऊ देत नव्हते. खरंय का?"

रांगेतली सगळी डोकी मागे वळली. मग माझ्याकडे. मॅडम हसत म्हणाल्या, "सांगा काका. मुलांच्या शंका दूर करायच्या असतात."

मला बोट आठवलं. खड्ड्यात गेलेलं बोट. आणि मी माईकवर म्हणालो, "नाही बाळा. तसं काही नव्हतं. कुणीतरी तुला चुकीचं सांगितलंय."

आर्यानं मान वर करून आईला विचारलं, "तू खोटं सांगितलंस?"

वॉक पुढे निघाला. तिची आई मात्र माझ्यापाशी आली. मुलीच्या फ्रॉकवरचा बिल्ला तिनं काढला होता, तो माझ्या तळहातावर ठेवला. हळू आवाजात म्हणाली, "भाऊ, तुमच्या आईला ओळखते मी." आणि मुलीला घेऊन गेली.

मिसळीच्या टेबलावर मॅडम माझ्या शेजारी येऊन बसल्या. पहिल्यांदाच. "आज फार छान सांभाळलंत. खरं सांगू? मला धास्ती होती, तुमचं रक्त उसळणार म्हणून. पण नाही. तुमच्यात इतका समजूतदार माणूस मी पाहिला नाही." मग लाडवांचा उरलेला डबा माझ्याकडे सरकवला. "आईंना न्या. त्यांना कुठे मिळतात असे."

तोवर मी स्वतःला सांगत आलो होतो की पोटासाठी नाटक करतोय, आत मी वेगळा आहे. आत कुणी वेगळा नव्हता. आत मॅडमना हवा होता तसा समजूतदार माणूस बसला होता, आणि त्यानं एका मुलीला तिच्या आईबद्दल खोटं सांगितलं होतं.

घरी जाऊन आईला सगळं सांगितलं. डबा समोर होता. तिनं हात लावला नाही. ती मुलगी कुणाची ते मात्र तिला लगेच कळलं. घर कुठे तेही सांगितलं. मग म्हणाली, "तुझ्या आजीला मी न्हायला घालायचे. त्या खड्ड्यात पाणी साचायचं. ओंजळीनं काढायचे मी. जा, सांग आता त्या लेकराला, तसं काय नव्हतं म्हणून."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी आर्याच्या घरी गेलो. तिच्या आईनं दार उघडलं. उंबऱ्याच्या आत बोलावलं नाही.

"ताई, मी खोटं बोललो. आर्याला सांगायला आलोय."

"माझ्या दारात खरं बोलायला काय लागतं, भाऊ? इथं कोण ऐकतंय? तिथं बोललात ना, माईकवर, सगळ्यांसमोर? मग तिथंच बोला."

"आर्याला एकदा..."

"ती नाही येणार बाहेर. काल रात्री मी तिला काही सांगायला गेले, तर म्हणाली, 'राहू दे आई.'" तिचा आवाज तिथे फाटला. "हे तुम्ही केलंत. त्या बाईनं नाही. तिनं बिल्ला लावला फक्त."

दार लागलं.

पुढच्या रविवारी मी अंगरखा घातला. भांडी बाजार सांगितला, तांबट लेन सांगितली. बिल्ल्यांचा डबा उघडला नाही. मुलांना म्हटलं, खेळ शेवटी. पुलापलीकडे गेलो. देवळाच्या दाराशी, त्याच जागी थांबलो. पगडी काढून पायरीवर ठेवली.

"आता माझं आडनाव ओळखा."

"जोशी!" सगळी मुलं ओरडली.

मी खरं आडनाव सांगितलं. मग आजी सांगितली. सत्याग्रह सांगितला, रथ सांगितला, दगड सांगितला. खड्डा सांगितला. बोट किती आत जायचं ते बोट वर करून दाखवलं.

एक वडील म्हणाले, "ओ काका, लहान मुलं आहेत. हे राजकारण कशाला त्यांच्यासमोर?"

"माझी आजीपण लहानच होती," मी म्हणालो.

पुढे उभ्या असलेल्या एका पोरानं विचारलं, "दगड कुणी मारला?"

"याच गावातल्या माणसांनी. ज्यांच्या पणतवंडांना मी दर रविवारी पिवळा बिल्ला देतो, त्यांनी."

मॅडम गर्दीतून आल्या आणि माझ्या खांद्यावरच्या स्पीकरचं बटण फिरवलं. आवाज गेला. मी तसाच बोलत राहिलो, घसा ताणून. आया मुलांना ओढत होत्या. त्या पोराच्या आईनं त्याच्या कानांवर हात ठेवले होते आणि ते पोर हात बाजूला करायला बघत होतं.

"तुम्हाला माणसांत आणलं मी," मॅडम म्हणाल्या. "शेवटी जात दाखवलीतच."

"हो. दाखवली. आधीच दाखवायला पाहिजे होती."

अंगरखा तिथंच उतरवला. बनियनवर घरी गेलो. रस्ताभर लोक बघत होते.

आता मॅडमकडे नवे जोशीकाका आहेत. तरुण आहे, आवाज चांगला आहे. त्याचं खरं आडनाव मला माहीत नाही, त्यालाही कुणी विचारत नसेल. पिवळे बिल्ले आहेत. पांढरेही आहेत. घरात बायकोच्या शिलाईवर आणि माझ्या शिकवण्यांवर चालतं, कसंबसं. आर्या मला अजून भेटलेली नाही. तिच्या आईनं मला माफ केलेलं नाही, आणि मी मागायला पुन्हा गेलो नाही.

पण दर रविवारी वॉक देवळाशी पोचतो तेव्हा मी तिथे उभा असतो. साध्या शर्टात. नवे जोशीकाका गुण्यागोविंदाने म्हणतात, तिथे मी सुरू करतो. ते स्पीकर मोठा करतात. मॅडमनी तक्रार केली. हवालदार आला. म्हणाला, "काय राव, कशाला लोकांना त्रास देता? सुट्टीचा दिवस आहे."

"साहेब, ते गोष्ट सांगतात. मीपण सांगतो. रस्ता सरकारी आहे."

"रोज येणार का तुम्ही?"

"रोज नाही. ते येतील तेव्हा."

या रविवारीही ते येतील. मी दाराशी असेन. माझं आडनाव सांगेन. आजीच्या डोक्यातला खड्डा सांगेन. आणि याच जागी उभं राहून मी एका मुलीला तिच्या आईसमोर खोटं सांगितलं, ते सांगेन. कान झाकलेल्या मुलांनाही ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं सांगेन. स्पीकर कितीही वाढवा. मी हलणार नाही.