कॉम्प्युटरची राखण

आता हसू नका, पण ऐंशीच्या दशकाच्या शेवटी पांढुर्ण्यात एका कॉम्प्युटरवर रोज हल्ला होत होता, आणि त्याची राखण माझ्याकडे होती!

संत्र्याच्या सोसायटीत आम्ही दोघेच बाबू. मी पांढुर्ण्याचा, रमेश नदीपलीकडच्या सावरगावचा. वर्षभर एका डब्यात जेवायचो आणि पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, गोटमारीच्या जत्रेत, नदीतल्या झाडावरचा झेंडा आपल्या गावाला मिळावा म्हणून एकमेकांवर दगड फेकायचो. काय दिवस होते हो ते!

नवा कॉम्प्युटर साहेबांनी माझ्या ताब्यात दिला. मी सगळ्यांना चपला बाहेर काढायला लावल्या, मशीनवर बायकोने विणलेला रुमाल घातला. तरी दुसऱ्याच दिवशी सकाळी मशीन सगळं विसरलेलं! तारीख गायब, सेटिंग गायब. पुन्हा भरलं, पुन्हा गायब.

नागपूरचा इंजिनिअर फोनवर म्हणाला, "कोणीतरी छेडछाड करून राहिलं."

मी खोलीला कुलूप ठोकलं, किल्ली करदोड्याला बांधली. तरी तेच! मग कोण? रमेशच! यंदा गोटमारीचा झेंडा आम्ही पांढुर्णेवाल्यांनी तोडून आणला होता ना, त्याचा राग.

"काय करून राहिला बे मशीनले?"

"मी? मले तर त्याचं बटनबी माहीत नाही!"

"सावरगाववाल्याचा काय भरोसा!"

त्या दिवशी तो एकटाच जेवला. मला वाईट वाटलं, पण पहारेकऱ्याने विरघळून कसं चालेल? साहेबांनी रमेशच्या सौंसरच्या बदलीचा कागद टाइप करून ठेवला. पुन्हा घडलं की सही!

मीच युक्ती सुचवली. "साहेब, आज इंजिनिअर नागपूरहून येऊन राहिला, त्याले घेऊन कपाटामागं लपा. चोर रंगेहाथ सापडते."

संध्याकाळी दोघे लपले. रमेश कधीचा घरी गेलेला. मी रोजच्यासारखं मशीन बंद केलं, झाकण उघडलं, आतले सेल काढले आणि खिडकीत मांडून ठेवले. रेडिओचे नाही का आपण काढत? सकाळी कोवळं ऊन दाखवून परत बसवायचे. सोसायटीचे सेल रात्रभर फुकट का जाळायचे?

कपाटामागून इंजिनिअर ओरडला, "अहो भाऊ, सगळी सेटिंग त्या सेलवरच टिकते ना!"

साहेब कपाळाला हात लावून बाहेर आले. कागद टाइप झालेलाच होता. त्यांनी फक्त नाव खोडलं.

मला सौंसरच्या बसवर सोडायला रमेश आला. तो चिडला असता, तर बरं वाटलं असतं. पण त्याने माझ्या पिशवीतला टॉर्च काढला, त्यातले सेल काढून माझ्या खिशात टाकले आणि म्हणाला,

"जप भाऊ. सौंसर येईपर्यंत फुकट जळतीन!"