हप्ता कमी करून घेतला

देवपूरच्या घरासाठी बँकेतून वीस लाखांचं कर्ज काढलं, तेव्हा पंधरा वर्षांसाठी महिन्याचा हप्ता वीस हजारांच्या वर जात होता. मी केळीवाल्याचा पोरगा, घासाघीस केल्याशिवाय सही कसली करतोय! साहेबांना म्हणालो, "हप्ता कमी करा." त्यांनी मान हलवली, पंधराची वीस वर्षं केली आणि हप्ता अठरा हजारांवर आणला. वर चहाही मागवला. मी काहीतरी जिंकल्यासारखा पेढे घेऊन घरी गेलो.

पाच वर्षांनी, परवा, कर्जखात्याचा उतारा हातात पडला. पावणेअकरा लाख भरून झाले होते आणि मुद्दल फिटलं होतं जेमतेम सव्वादोन लाख. बाकी सगळं व्याजात गेलेलं. मग बसून पुढचा हिशेब मांडला. महिन्याला सव्वादोन हजार वाचवायला मी एकूण साडेसहा लाखांहून अधिक रक्कम जादा भरणार होतो. तेव्हापासून एका जागी बूड टेकत नाही. जेवता जेवता उठतो, पांझरेच्या पुलापर्यंत जातो, तसाच परत येतो. राग येतो तो स्वतःचाच.

रविवारी सावद्याला वडिलांकडे गेलो. त्यांनी जन्मभर केळीचे सौदे केले. व्यापारी पहिल्याच भावाला हो म्हणाला, की आपलंच काहीतरी चुकलं असं समजून ते उठून यायचे. मी सगळे आकडे सांगत होतो. त्यांनी मधेच थांबवलं.

"साहेब किती वेळात हो म्हणाले?"

"लगेच."

"आणि तू चहा प्यायलास?"