खुंट्यांची नदी

२३ ऑगस्ट १९८६. मृत : नऊ.

यांपैकी आठ जण पुलाच्या वरच्या अंगाला, बांधालगतच्या गल्लीत राहत होते; नववा त्यांना बाहेर काढायला गेलेला नावाडी. ज्या माणसाची ही हकिकत आहे तो या नवांत नाही. तो जिवंत आहे, नोकरीत आहे, आणि त्याने बांधलेली नदी आजही दर गुरुवारी पाहुण्यांना दाखवली जाते.

जलसंशोधन केंद्रात तो प्रतिकृती बांधणारा मिस्त्री होता. एका लांबलचक पत्र्याच्या शेडमध्ये त्याने शहराची नदी जशीच्या तशी उतरवली होती : सिमेंटचे पात्र, वाळूचे काठ, लाकडी ठोकळ्यांची घरे, पत्रा वाकवून केलेला कमानींचा पूल. भिंतीवरचे चाक उजवीकडे फिरवले की पूर येई, डावीकडे फिरवले की ओसरे. म्हणून सहकारी त्याला भगीरथ म्हणत. नाव चेष्टेने पडले होते. त्याने ते पदवीसारखे स्वीकारले. घरी पाहुणे आले की बायको म्हणे, "बसा, एवढ्यात येतील. आज पूर आणायचा होता त्यांना." ती थट्टा करते आहे हे त्याला बारा वर्षांत कळले नाही.

त्याच्या हातात कसब होते, यात वाद नाही. बांधालगतची गल्ली त्याने घरागणिक केली होती. तो त्याच गल्लीत जन्मला होता. वडिलांचे घर पुढे धाकट्या बहिणीकडे आले. तिचा नवरा शिंपी, तळमजल्यावर त्याची शिलाईयंत्रे. बोटाच्या पेराएवढ्या त्या ठोकळ्यावर भगीरथाने निळे दारसुद्धा रंगवले होते. केंद्राला त्या दाराचा उपयोग नव्हता, पण पाहुणे हटकून तेथे थबकत आणि म्हणत, "किती खरं वाटतं!" या उद्गाराने आमच्या काळात जेवढे नुकसान केले आहे तेवढे उघड खोट्याने केले नसेल.

आता खुंट्यांविषयी. अशी प्रतिकृती बांधून झाली की तिची परीक्षा घेतात. शहरात तीस वर्षांपूर्वी मोठा पूर आला होता आणि पाणी कुठवर चढले त्याची खूण पुलाच्या दगडी खांबावर कोरलेली होती. तेवढेच पाणी प्रतिकृतीत सोडायचे आणि ते त्या खुणेला लागते का, हे पाहायचे. पाणी सोडले. ते खुणेच्या बरेच खाली राहिले. अशा वेळी एक प्रश्न विचारता येतो : खऱ्या नदीत त्या दिवशी पाणी इतके का तुंबले होते? केंद्रात हा प्रश्न विचारण्याची पद्धत नव्हती. पद्धत अशी होती की पाणी कमी पडले तर पात्रात खुंट्या ठोकायच्या. खुंट्यांना अडखळत पाणी संथ होते आणि चढते. भगीरथाने एक रांग ठोकली. पाणी थोडे चढले. दुसरी ठोकली, तिसरी ठोकली. शेवटी पाणी खुणेला टेकले आणि संचालकांनी स्वतः टाळ्या वाजवल्या. नदी प्रमाणित झाली.

खऱ्या नदीत खुंट्या नाहीत, हे वेगळे सांगायला नको. त्यात गैर काहीच नाही. लहान प्रमाणावर बांधलेल्या पात्रातून पाणी नको तितके सुरळीत वाहते, आणि ते आवरायला खुंट्या हा जगभर मान्य असलेला उपाय आहे. प्रतिकृतीला खोटे बोलण्याची मुभा असते. मात्र ती कोणते खोटे बोलते, कशासाठी, आणि कुठवर ते खपेल, याची आठवण कुणाला तरी ठेवावी लागते. ही आठवण ठेवण्याच्या शिस्तीला सिद्धांत म्हणतात. प्रतिकृती 'असे होते' एवढेच दाखवू शकते. 'का होते' हे सांगण्याची जोखीम सिद्धांत पत्करतो, आणि म्हणून तो चुकलाही ठरू शकतो. प्रतिकृती कधी चुकत नाही. तिच्यात आणखी एक खुंटी बसते.

संचालकांनी हा भेद आपल्या परीने मिटवला होता. व्याख्यानांत ते सांगत, "थिअरी म्हणजे अंदाज. मॉडेल म्हणजे पुरावा." श्रोते हे वाक्य टिपून घेत. ज्याला बोटाने शिवता येते ते खरे आणि ज्याचा विचार करावा लागतो ते हवेतले, ही समजूत बाळगायला पदवी लागत नाही. पण पदवी असली तर ती आत्मविश्वासाने बाळगता येते.

या शेडमध्ये एक नवी संशोधक बाई रुजू झाली. तिने पहिल्याच आठवड्यात विचारले, "खुंट्या इतक्या का लागल्या?" त्या दिवसापासून तिचे नाव थिअरीबाई पडले.

एकदा दुपारच्या चहाला भगीरथ रंगात आला होता. जुन्या पुराच्या वेळी तो शाळकरी पोर होता. "पूर ओसरला ना, तर पुलाच्या कमानी दिसेनात," तो सांगू लागला. "अख्खी झाडं अडकलेली! ओंडके, मुळ्या, कुणाचा तरी गोठा. आम्ही पोरं नुसती उड्या मारत होतो त्यांच्यावर. सहा महिने चुलीला सरपण पुरलं. माझी बहीण एवढीशी, पण फांदी तिच्यापेक्षा मोठी ओढून आणली होती तिने."

सगळे हसले. बाईने कप खाली ठेवला.

"म्हणजे कमानी बुजल्या होत्या?"

"बुजल्या म्हणजे काय! पलीकडचं दिसत नव्हतं."

"मग पाणी त्यामुळेच चढलं असेल. खुंट्यांनी आपण भलत्याच कारणाची भरपाई करतोय. हे तुम्ही कुणाला सांगितलं होतं?"

भगीरथ गोंधळला, मग त्याने हात झटकला. "अहो बाई, ती आमची लहानपणची गोष्ट आहे. डेटा नाही तो."

हे वाक्य त्याला कुणी शिकवले नव्हते. बारा वर्षे त्या शेडच्या हवेत वावरून ते आपोआप अंगात मुरले होते. स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेले त्याने गोष्टींच्या खात्यात टाकले आणि स्वतःच्या हातांनी ठोकलेले पुराव्याच्या.

त्याच उन्हाळ्यात नगरपालिकेने केंद्राला विचारले की जुन्यापेक्षा मोठा पूर आला तर पाणी बांध ओलांडेल का. ओलांडणार असेल तर गल्ली आधीच रिकामी करू. प्रतिकृतीत मोठे पाणी सोडले. ते बांधाच्या माथ्याखाली थांबले. केंद्राने कळवले : धोका नाही. गल्ली रिकामी करण्याचा विचार मागे पडला.

शिंप्याचा जीव मात्र थाऱ्यावर नव्हता. टेकडीच्या बाजूला एक दुकानवजा खोली भाड्याने मिळत होती, वर राहायला जागा. मालकाला रविवारपर्यंत उत्तर हवे होते. नवराबायकोने ठरवले की दादाला विचारायचे. दादाने त्यांना गुरुवारी शेडमध्येच बोलावले.

"या जावईबुवा! हे बघा तुमचं घर."

शिंपी वाकला. "अगंबाई म्हणायची वेळ आली. दारसुद्धा निळं? दादा, पण आमच्या दाराचा रंग उडालाय आता."

"तुमचा उडाला असेल. माझा पक्का आहे."

चाक फिरले. पाणी पुलापाशी चढले, बांधाला लागले, थांबले. निळे दार कोरडे राहिले. पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या.

"आणि ह्या खुंट्या कसल्या?" शिंप्याने विचारले. कापडात टाचण्या खोचणाऱ्या माणसाची नजर तेथे जाणारच.

"तो नदीचा स्वभाव आहे."

"असं होय," शिंपी म्हणाला. "आम्ही टाचण्या शेवटी काढून घेतो."

बहीण हसली नाही. तिने भावाला बाजूला घेतले. "दादा, मॉडेलचं पाहिलं. तुझं काय मत आहे? खोली घ्यायची की नाही? तू म्हणशील तसं."

"शनिवारी येतो घरी. सांगतो."

त्याने तेथेच सांगितले असते. पण सगळ्यांसमोर सल्ला देण्यापेक्षा घरी जाऊन, पाटावर बसून द्यावा, त्याला वजन येते, असा त्याचा विचार होता. मधल्या शुक्रवारी, संचालक बाहेरगावी असताना, थिअरीबाईने खराट्याच्या मूठभर काड्या मोडून आणल्या आणि म्हणाली, "फक्त एकदा. चाक तुम्हीच फिरवा."

त्याने फिरवले. काड्या वाहत पुलाशी गेल्या, कमानींत आडव्या झाल्या, एकीला दुसरी अडली. पाणी मागे फुगू लागले. ते बांधाच्या माथ्याला आले आणि अगदी बिनबोभाट पलीकडे उतरले. पहिल्या रांगेतली घरे भिजली. निळे दार भिजले.

येथे हेही नमूद केले पाहिजे की बाईचा सिद्धांत एकटा काही दाखवू शकला नव्हता. काय टाकून पाहायचे हे त्याने सांगितले, आणि किती चढते हे प्रतिकृतीनेच दाखवले. दोघांचे एवढेच काम असते आणि त्या दुपारी ते अर्ध्या तासात झाले होते.

भगीरथ म्हणाला, "काड्या टाकल्यावर चढणारच हो. हत्ती टाका, आणखी चढेल."

"पण नदीत ओंडके आले होते. तुम्ही त्यांच्यावर उड्या मारल्यात."

त्याने काड्या वेचल्या, आणि मग खिशातला रुमाल काढून तो लाकडी ठोकळा चारी बाजूंनी पुसून कोरडा केला. काड्या खऱ्या मानल्या तर खुंट्या निरर्थक ठरत होत्या, आणि प्रत्येक खुंटी त्याने गुडघ्यांवर बसून स्वतः ठोकली होती. माणसे सत्यासाठी फार सोसत नाहीत. स्वतःच्या श्रमांसाठी मात्र वाटेल ते सोसायला लावतात, बहुधा दुसऱ्यांना.

बाईनेही याहून मोठे शौर्य दाखवले नाही. तिने आपले निरीक्षण अहवालाच्या तळटिपेत घातले आणि शेवटी जोडले : यावर अधिक अभ्यास व्हावा. ही आपल्या वर्गाची प्रार्थना आहे. ती म्हटली की हात धुतल्यासारखे वाटते.

शनिवारी भगीरथ बहिणीकडे गेला, पाटावर बसला.

"खोली घेऊ नका. उगाच भाडं भरत बसाल."

"नक्की ना, दादा?" बहीण म्हणाली. "आपल्या लहानपणी—"

"लहानपणी बांध नव्हता, मॉडेल नव्हतं. आता सगळं तपासून झालंय. पाणी तुमच्या दाराला लागत नाही. मी डोळ्यांनी पाहिलंय."

डोळ्यांनी पाहिले होते, हे खरेच होते. आदल्या दिवशी काय पाहिले होते एवढे त्याने सांगितले नाही. शिंप्याने टेकडीवरच्या मालकाला नकार कळवला.

तेवीस ऑगस्टला डोंगरातून झाडे वाहून आली आणि पुलाच्या कमानी बुजल्या. दुपारी पाणी बांधावरून उतरले. बहीण शिवलेले गणवेश पोचवायला शाळेत गेली होती. शिंपी यंत्रे माडीवर चढवत होता. दोन चढवली होती. तिसऱ्यापाशी तो सापडला.

चौकशी समिती नेमली गेली. तिने निर्वाळा दिला की प्रतिकृती निर्दोष आहे. ओंडके ही बाह्य बाब असून नदी प्रतिकृतीच्या गृहीतकांबाहेर वागली. नदीला समज देण्याची शिफारस तेवढी राहून गेली. संचालकांनी लगेच काम हाती घेतले. प्रतिकृतीतले पाणी आता बांधावरून जायला हवे होते, आणि ते जात नव्हते. भगीरथाला बोलावणे आले. तो बहिणीकडचे दिवसकार्य उरकून आला, गुडघ्यांवर बसला आणि पुलाच्या वरच्या अंगाला त्याने खुंट्यांच्या आणखी दोन रांगा ठोकल्या. पाणी चढले आणि बांधावरून गेले. निळे दार, प्रत्यक्षात झाले तसे, बुडाले. संचालक आता सांगतात की आमची प्रतिकृती एक नव्हे, दोन पुरांशी जुळते. कमानींत काडी टाकून पाहण्याची गरज कुणाला भासलेली नाही.

एका गुरुवारी पाहुण्यांच्या रांगेत बहीण उभी होती. चाक फिरले, गल्ली बुडाली, एक शाळकरी मुलगी म्हणाली, "किती खरं वाटतं!" बहीण पुढे झाली.

"दादा, आपण पुलावरून सरपण आणलं होतं. आठवतं?"

"आठवतं."

"मग ते ह्याच्यात का नव्हतं?"

भगीरथाचा हात चाकावरच राहिला. संचालक सौजन्याने पुढे आले. "ताई, थिअरीचे प्रश्न आपण शेवटी घेतो."

पाहुणे पुलाकडे सरकले. भगीरथाने चाक डावीकडे फिरवले, पूर ओसरला. तिने थोडा वेळ वाट पाहिली, मग ती निघून गेली.

नुकसानभरपाई मिळाली. यंत्रे मिळाली. तिच्या प्रश्नाचे उत्तर द्यायचे राहिले आहे.