वहिनी नाही, कोच

दोन्ही हात कमरेवर ठेवून, मान जरा खाली घालून ती विचारायची, "का?" मान खाली घालावीच लागायची, कारण समोरचा माणूस बहुतेक वेळा तिच्या खांद्याला लागायचा. मैदानाच्या फाटकाला कुलूप का? रिंगची जाळी अजून का आली नाही? मुलींना चारला बोलावलं होतं, त्या साडेचारला का येतात? आपल्याकडे अशा प्रश्नांना उत्तर देत नाहीत, "बघूया की" म्हणतात, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं.

तुम्ही राजारामपुरीकडचे असाल तर तिला पाहिलं असणारच. मंडईत सगळ्यांच्या वर दिसणारं डोकं, पिंगट केसांची घट्ट वेणी. आमच्या गल्लीतल्या इंजिनियरची अमेरिकन बायको. सासऱ्यांचं आजारपण लांबलं म्हणून दोघं तिकडचा संसार गुंडाळून कोल्हापूरला आली होती. मी जवळच्याच एका कॉलेजात शारीरिक शिक्षण शिकवते. ती तिकडे कॉलेजच्या संघातून बास्केटबॉल खेळायची, हे कळल्यावर मी प्राचार्यांना गाठलं आणि आमच्या मुलींचा संघ तिच्या हवाली केला.

मराठी ती सासूकडून शिकली. सासू आजऱ्याकडची, त्यामुळे हिच्या तोंडी पहिल्यापासून "व्हय" आणि "न्हाय". घरी आलेल्याला पावणं म्हणतात एवढं तिनं ऐकलेलं, म्हणून प्राचार्य मैदानावर डोकावले की ती खुर्ची पुढे करायची, "बसा पावणं." प्राचार्य मुकाट बसायचे. मुली तिला वहिनी म्हणायच्या, कारण गल्लीतल्या दादाची बायको ती वहिनीच. त्याचा तिला भारी राग.

"वहिनी न्हाय. कोच."

"बरं वहिनी," मुली म्हणायच्या.

आमच्या गावात फुटबॉलसाठी घराघरांत भांडणं होतील, कुस्तीला तर विचारूच नका. पण बास्केटबॉलचं मैदान म्हणजे कॉलेजची रिकामी फरशी. कधी तिथं स्नेहसंमेलनाचा मांडव पडायचा, कधी परीक्षेला आलेल्या पोरांच्या गाड्या लागायच्या. एकदा तिनं त्या सगळ्या गाड्या एकेक करून ढकलत नेल्या आणि ऑफिसच्या दारात लावल्या. हेडक्लार्कना मागच्या खिडकीतून बाहेर यावं लागलं. दुसऱ्या दिवशी गाड्या परत मैदानावर. ती माझ्या शेजारी पायरीवर बसली, एक पाय लांब सोडून.

तो पाय ती नेहमी लांबच सोडायची. उजवा. सासरी पंगतीला बसताना तिच्यासाठी स्टूल ठेवावं लागायचं. त्या दिवशी भडंग खाता खाता तिनं मला त्या पायाची गोष्ट सांगितली. मोठं काही सांगायचं असलं की ती इंग्रजीवर यायची, तेव्हा हे माझ्या शब्दांत.

तिचं गाव मक्याच्या शेतीचं, लहानसं. शाळेत ती इतकी चांगली खेळली की एका मोठ्या कॉलेजनं तिला खेळाडू म्हणून बोलावून घेतलं. शिक्षण फुकट. पहिलं वर्ष तिचंच होतं. गावाकडची माणसं गाड्या भरून सामने बघायला यायची. दुसऱ्या वर्षी उडी मारून खाली येताना उजवा गुडघा फिरला. ऑपरेशन झालं. तेवढ्यात कोच बदलला, नव्या कोचला जिंकायची घाई होती. एक मोठा सामना होता. गुडघा पुरता बरा नव्हता, पण त्यानं विचारलं, खेळशील का? ती हो म्हणाली. सामना जिंकला आणि गुडघा पुन्हा गेला, तो कायमचाच. पुढचं वर्षभर ती बाकावर बसून होती. तिची जागा नव्या मुलीला मिळाली, मग तिच्या पाठीवरचा आकडाही. शेवटच्या वर्षी ती दुसऱ्या, लहान कॉलेजात गेली. तिथं अखेरच्या सामन्यात निकाल लागल्यात जमा असताना कोचनं तिला आत पाठवलं. सगळं प्रेक्षागृह उठून उभं राहिलं.

"ताई," ती म्हणाली, "कीव आली की लोक जास्त जोरात टाळ्या वाजवतात."

तिच्या हाताखाली आमचा संघ खरंच उभा राहिला. त्यातली मुस्कान ही कुरुंदवाडची, हॉस्टेलवर राहणारी. वडिलांचं मोटारसायकल दुरुस्तीचं गॅरेज. उंच, काटक, आणि चेंडू हातात आला की कुणाच्या बापाला न ऐकणारी. वहिनी तिच्यावर सगळ्यांत जास्त ओरडायची आणि सराव संपल्यावर सगळ्यांत जास्त वेळ तिच्याशीच बोलत बसायची. त्या वर्षी आम्ही आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेच्या अंतिम सामन्यापर्यंत गेलो. तो सामना बघायला विद्यापीठाचा संघ निवडणारी मंडळी येणार होती. मुस्कान निवडली जाणार, याबद्दल कुणाला शंका नव्हती. पुढे खेळाडूंच्या कोट्यातून नोकरी, असं तिच्या घरी बोलणंही झालं होतं.

सामन्याच्या आदल्या दिवशी सरावात मुस्कान पडली आणि उजव्या गुडघ्याला सूज आली. हाडांच्या डॉक्टरांनी दाबून पाहिलं. गुडघ्यातलं लिगामेंट थोडं फाटलं असावं, मशीनवर तपासल्याशिवाय नक्की सांगता येणार नाही, पट्टी बांधून थोडा वेळ खेळली तर कदाचित निभावेल, धोका तुमचा, असं ते म्हणाले. उपप्राचार्यांनी तालमीतल्या वस्तादांकडून चोळून घ्यायला सुचवलं. मुस्कानचे अब्बा गॅरेज बंद करून आले. म्हणाले, "पोरगी म्हणती दुखत न्हाय. खेळू द्या की."

"न्हाय," वहिनी म्हणाली.

मी तिला बाजूला घेतलं. मुलगी सज्ञान आहे, निर्णय तिचा तिला घेऊ दे, असं सांगून पाहिलं.

ती इंग्रजीत म्हणाली, "मलापण विचारलंच होतं ना. त्या वयात नाही कोण म्हणतं?"

अंतिम सामन्याला मुस्कान गणवेश घालून आली. वहिनीनं तिला आपल्या शेजारी बाकावर बसवलं आणि गुडघ्यावर बर्फाची पिशवी ठेवली. शेवटच्या काही मिनिटांत आम्ही अगदी थोडक्यानं मागे होतो. सगळा संघ बाकाकडे बघत होता. मुस्कान उठली. वहिनीनं तिचं मनगट धरलं ते शिट्टी वाजेपर्यंत सोडलं नाही. आम्ही हरलो. मुस्काननं बर्फाची पिशवी मैदानात भिरकावली आणि लंगडत निघून गेली.

तिचे अब्बा वहिनीसमोर येऊन उभे राहिले. आवाज चढवला नाही. "तुमचं काय जातंय, बाई? तुम्ही उद्या तुमच्या देशाला जाणार."

सगळे गेल्यावर वहिनी एकटीच मैदानात चेंडू टाकत राहिली. एकही आत जात नव्हता. प्रत्येक वेळी ती तिच्या भाषेत काहीतरी पुटपुटायची आणि त्याच गुडघ्यावर लंगडत चेंडूमागे जायची. मी थांबवायला गेले नाही.

विद्यापीठाच्या संघात मुस्कानचं नाव आलं नाही. पुढे तिची तपासणी झाली. लिगामेंट अर्धं फाटलेलं निघालं; आणखी एक हिसका बसला असता तर तुटलंच असतं, असं डॉक्टर म्हणाले. मी हे प्राचार्यांना सांगितलं. ते म्हणाले, असेल, पण चषक गेला ना. पुढच्या वर्षी मुलींच्या संघाचं बघूया, असं ठरलं, म्हणजे काही ठरलंच नाही. मैदानावर गाड्या लागायला लागल्या.

वहिनी मला घेऊन कुरुंदवाडला गेली. मुस्कानच्या आईनं खुर्च्या मांडल्या, चहा केला. मुस्कान चहा घेऊन बाहेर आली, कप ठेवला आणि दाराशी उभी राहिली. वहिनीनं गुडघ्याचे व्यायाम कसे करायचे ते कुणी न विचारता करून दाखवले, परक्या घरात, भिंतीला धरून, स्वतःच्या दुखऱ्या पायावर. मुस्कान बघत होती.

परतताना एस.टी.त वहिनी खिडकीवर बुक्की मारून म्हणाली, "सगळं बरोबर केलं. मग असं का?" मलाही बघूया की म्हणवेना.

त्याच उन्हाळ्यात सासरे गेले. दिवसपाणी उरकल्यावर दोघं अमेरिकेला परतली, सासू इथंच राहिली. निरोप द्यायला मुली आल्या होत्या, मुस्कान नव्हती. संघ त्यानंतर झालाच नाही. मुस्काननं पदवी पूर्ण केली आणि जयसिंगपूरला ट्रॅक्टरच्या शोरूममध्ये नोकरीला लागली. चेंडू परत हातात घेतला नाही.

वहिनीचा अधूनमधून फोन येतो. आधी सासूचं विचारते, मग मैदानाचं, आणि गाड्यांचं ऐकून चिडते. मुस्कानचं नाव ती काढत नाही. गेल्या महिन्यात मीच काढलं. कामानिमित्त जयसिंगपूरला गेले होते, तेव्हा स्टँडवर मुस्कान दिसली. कुरुंदवाडची बस सुटली होती आणि ती खांद्याला पर्स लावून, कंडक्टरच्या नावानं खडे फोडत, गर्दीतून बसमागे धावत होती. दाराचा दांडा धरून तिनं चालत्या बसमध्ये उडी घेतली.

"कुठला पाय पहिला?" वहिनीनं विचारलं.

"उजवा."

ती म्हणाली, "ताई, पहिल्यापासून सांग की."

मी पहिल्यापासून सांगितलं. स्टँड, गर्दी, सुटलेली बस, पळणारी मुलगी.