घामाला होय म्हटलं होतं

पडद्यावरचा लाल ठिपका सुरूच्या बनात शिरला आणि हॉलमधली माणसं हसली. तो ठिपका मी होते.

आचऱ्याच्या अलीकडच्या किनाऱ्यावर आम्ही बायका मासळी सुकवतो. डोक्यावर ऊन, पायाखाली तापलेली वाळू. शहरातल्या एका संस्थेची माणसं आली. म्हणाली, हे ऊन तुमच्या अंगाला काय करतं ते मोजू या, तुम्ही या अभ्यासाच्या भागीदार. मनगटाला पट्टा बांधायचा. तो अंगाचा ताप मोजणार, घाम मोजणार. भागीदार! मला असं कधी कुणी म्हटलं नव्हतं. पहिला हात मीच पुढे केला, त्यांनी दाखवलं तसं मोबाईलवर होय दाबलं.

मी कुठे जाते तेही तो पट्टा टिपतो, हे कुणी सांगितलं नाही.

मग मालवणात कार्यक्रम झाला. पुढे पाहुणे, त्यांच्यात मी ज्याच्याकडे मजुरीला होते तो सुक्या मासळीचा व्यापारी. आम्ही बायका मागे. संस्थेचे सर नकाशा दाखवत म्हणाले, "ही सहभागी काम सोडून वारंवार झाडीत जाते."

किनाऱ्यावर संडास नाही. त्या आठवड्यात माझी पाळी होती, अंगावरून फार जात होतं. कापड बदलायला जाणार कुठे?

व्यापारी मागे वळला. "ही कामाच्या वेळात खंय जाता, ता आज समाजला!"

पुन्हा हशा. पडद्यावर नाव नव्हतं, नुसता नंबर. पण ठिपका रात्री ज्या घरात थांबायचा, ते घर कुणाचं हे गावाला कळत नाही?

पदर तोंडावर ओढला. दाराकडे निघाले. आणि दारातच थांबले. लाज माझी कशी?

"ता पुसा. आत्ता पुसा."

सर हसले. "ताई, मोबाईलवर तुम्हीच होय दाबलं होतं."

"मी होय म्हटलंय ता घामाक. मुताक नाय. पाळयेक नाय."

सर पुटपुटले, माहिती शहरात साठवलेली असते, पुसायला वरून परवानगी लागते. माझ्या पाळीची परवानगी वरून!

पट्टा काढून टेबलावर आपटला. माझी शेजारीण शेवंती उठली. "माझोय घेवा." मग एकेक करत सगळ्याच.

दुसऱ्या दिवशी व्यापाऱ्याने कामावरून काढलं. आता मी टोपली घेऊन दारोदार मासळी विकते. पाय भरून येतात. मिळतं कमी.

नकाशा दाखवणं त्यांनी थांबवलं. माहिती पुसली की नाही, कोण जाणे. परवा संस्थेची नवी माणसं आली, नवे पट्टे घेऊन. "आता जागा टिपणार नाही, विश्वास ठेवा."

नाही ठेवणार. ऊन जाळतंय, ते मोजायला हवं, मलाही कळतं. पण काय मोजायचं, कुणाला दाखवायचं, कधी पुसायचं ते आम्ही बायका ठरवणार. आमच्या वस्तीत बसून, आमच्या भाषेत. आणि त्याआधी किनाऱ्यावर संडास बांधा. तोवर माझ्या अंगाला कुणी हात लावायचा नाही.